फोन लॉकरमध्ये, मुलगा पांघरुणात : शिक्षेशिवाय दुसरा रस्ता आहे का?

जाईजुई (रविवार, रात्री ११:४०)

नमस्कार मंडळी. इथे वाचते रोज, लिहिते सणासुदीला. आज लिहावंच लागतंय.

मुलगा नववीत, चौदा पूर्ण. पहिल्या सत्रात गणितात ८० पैकी ३१. नवऱ्याने त्याच संध्याकाळी फोन काढून घेतला, कपाटाच्या लॉकरमध्ये ठेवला आणि किल्ली ऑफिसच्या बॅगेत टाकली. मीही मान डोलावली, खोटं कशाला बोलू. चार दिवस घरात सुतक. पाचव्या दिवसापासून मात्र बाळ एकदम गुणी. जेवून साडेनऊला खोलीत, दिवा बंद. मी बहिणीला फोन करून सांगितलंसुद्धा, आठवड्यात सुतासारखा सरळ आला म्हणून.

बाराव्या रात्री पाणी प्यायला उठले. पावणेदोन वाजले होते. पांघरुणाच्या आत निळा उजेड. वर्गातल्या कुणाचा तरी जुना हँडसेट, काच तडकलेली, वर सेलोटेप. चालू आमच्याच वायफायवर. पासवर्ड कुठून मिळाला विचारू नका, राउटर त्यानेच बसवला होता.

मी ओरडायला तोंड उघडलं आणि त्याने दोन्ही हात डोक्यावर घेतले. मार चुकवायला घेतात तसे. आमच्या घरात आजवर कुणी त्याच्यावर हात उगारलेला नाही. ते हात काही डोळ्यांपुढून जात नाहीत.

आता नवरा म्हणतो, रात्री वायफायच बंद करू. सासूबाई म्हणतात, वसतिगृहात टाका. मला विचारायचंय ते एवढंच : काढून घेणं, ओरडणं, पॉकेटमनी बंद करणं हे सोडून कुणाच्या घरी काही चाललंय का? चाललं नसेल तर तेही सांगा, आपण एकटे नाही एवढं तरी कळेल.

पाटावरवंटा (रविवार, रात्री ११:५८)

शिक्षा नको, ओरडणं नको, मग पोराची आरती करायची का? दहावीच्या वर्षी मी गादीत ट्रान्झिस्टर घेऊन झोपायचो. १९७७-७८चा ऑस्ट्रेलिया दौरा, पहाटे पहाटे कॉमेंट्री लागायची. वडिलांनी एक दिवस पाहिलं आणि ट्रान्झिस्टर विहिरीत. विषय संपला. सुधारलोच ना?

उगाच_एक (सोमवार, सकाळी ८:०५)

काका, विहीर कुठून आणायची? डोंबिवलीत पाण्याचा टँकर येतो.

मुळाक्षर (सोमवार, सकाळी १०:३०)

जाईजुई, मी शाळांमधून समुपदेशनाचं काम करते. सल्ला द्यायच्या आधी चार गोष्टी विचारते, कारण 'सारखा फोनवर असतो' हे वाक्य मी रोज ऐकते आणि त्यातून काहीच कळत नाही. ताप आलाय म्हणण्यासारखं आहे ते.

फोनवर तो नेमकं काय करतो? गेम, रील्स, गप्पा, की सगळं थोडं थोडं? कुणाबरोबर करतो, एकटा की मित्रांबरोबर? कोणत्या वेळेला? आणि हे वाढलं तेव्हा त्याच्या आयुष्यात दुसरं काय घडलं होतं? तुम्हाला उत्तरं माहीत नसतील तर त्यालाच विचारा. पण आज नको. आज त्याला ती चौकशी वाटेल.

पांघरुणातल्या प्रसंगावर काहीही शिक्षा करू नका एवढं मात्र आत्ताच सांगते. तो हँडसेट ज्याचा त्याला परत द्यायला लावा, बास.

जाईजुई (मंगळवार, रात्री १०:५०)

मुळाक्षरताई, आज विचारलं. म्हणजे थेट नाही. भाजी निवडायला बसले होते, तोही बसला. मेथी निवडताना नजरेला नजर द्यावी लागत नाही, त्यामुळे असेल, पण बोलला.

बीजीएमआय खेळतो, मोबाइलवरचा लढाईचा गेम. चौघांची टीम आहे. त्यातला एक सातवीत याच्या बाकावर बसायचा, वडिलांची बदली झाली आणि नागपूरला गेला. त्याचा क्लास साडेनऊला सुटतो, जेवून सव्वादहाला 'येतो'. म्हणून खेळ रात्रीचा. खेळ संपला की झोप येत नाही, मग रील्स.

दोन वर्षांत मी एकदाही विचारलं नव्हतं की तू कुणाशी खेळतोस. मला वाटायचं मशीनशी.

सतरा_पूर्ण (मंगळवार, रात्री ११:३५)

मी बारावीत आहे. इथे आईच्या सांगण्यावरून आलोय, ती पण इथे असते (कोण ते सांगणार नाही).

काकू, एक गोष्ट मोठ्यांना कधीच कळत नाही. बीजीएमआयची एक क्लासिक मॅच साधारण अर्ध्या तासाची असते. मध्ये पॉज नाही. तुम्ही 'आत्ताच्या आत्ता ठेव' म्हणता तेव्हा बाकीचे तिघं तिथे अडकलेले असतात. कॅरममध्ये राणी घेतलीय, कव्हर घ्यायचंय आणि कुणीतरी येऊन बोर्ड उलटा केला, तसं वाटतं. मग जो आरडाओरडा होतो त्याला तुम्ही 'व्यसन' म्हणता.

आमच्या घरी आईने मिनिटं मोजणं सोडलं. शाळेच्या दिवशी दोन मॅच, रविवारी चार. मॅच मध्ये तोडायची नाही हा तिचा शब्द आणि दोन म्हणजे दोनच हा माझा. मी तीन-चारदा फसवलं. मग फसवायचं कारणच राहिलं नाही, कारण पूर्वी कधी काढून घेतील सांगता यायचं नाही, म्हणून मिळेल तेवढं खेळून घ्यायचो. पाणी जाणार कळलं की सगळ्या बादल्या भरून ठेवतात ना, तसं.

गेममध्येच अठराखालच्यांना दिवसाला तीन तासांची मर्यादा आहे. बंदीनंतर २०२३मध्ये गेम परत आला तेव्हापासून. पण रजिस्टर कुणाच्या नावाने केलंय त्यावर आहे ते. काकांच्या नंबरवर केलं असेल तर काही उपयोग नाही.

पाटावरवंटा (बुधवार, सकाळी ७:१५)

बादल्यांचं उदाहरण चांगलं आहे. बाकी पटलं नाही.

कडेगावची_एसटी (बुधवार, दुपारी १:२०)

आमच्या तालुक्यातली गोष्ट सांगतो, बऱ्याच जणांनी बातम्यांत पाहिली असेल. सांगली जिल्ह्यात, कडेगाव तालुक्यात मोहित्यांचे वडगाव. २०२२पासून तिथे रोज संध्याकाळी सात वाजता मंदिरावरचा भोंगा वाजतो. दीड तास गावातले टीव्ही आणि मोबाइल बंद. पोरं अभ्यासाला, बाकीचे वाचत किंवा एकमेकांशी बोलत बसतात. लॉकडाऊनमध्ये शाळेसाठी म्हणून पोरांच्या हातात फोन आले ते परत गेलेच नाहीत, तिथून हा विचार निघाला.

त्याच वर्षी यवतमाळ जिल्ह्यातल्या बान्सी गावाने दुसरा रस्ता धरला, अठराखालच्या पोरांना मोबाइल बंदीचा ठराव. दोन्ही गावांना पोरांची काळजीच होती. पण मला वडगावचं जास्त भावलं, कारण भोंगा वाजला की आधी बापाला रिमोट खाली ठेवावा लागतो. पोरगं तेच बघत असतं.

आमच्या घरी भोंगा नाही, कुकर आहे. तिसऱ्या शिट्टीला सगळ्यांचे फोन फडताळात, ताटं धुऊन होईपर्यंत. नातीने एकदा मला पकडलं, मी पंचांगाच्या नावाखाली बाजारभाव बघत होतो. त्या दिवशी भांडी मी घासली. ही शिक्षा तुमच्या यादीत बसते का नाही माहीत नाही.

उगाच_एक (बुधवार, दुपारी १:४१)

एसटी आजोबा, मूगडाळीच्या खिचडीला दोनच शिट्ट्या लागतात. मग काय फोन चालू?

शिवणकाम (बुधवार, रात्री ९:३०)

मी परभणीची. घरी शिवणकाम करते. घरात फोन एकच आणि तो माझा. गिऱ्हाईकांचे फोटो, मापं, पैसे सगळं त्यावरच. मुलगी दहावीला. शाळेचा अभ्यास व्हॉट्सॲपच्या ग्रुपवर येतो, त्यामुळे 'काढून घ्या' हा सल्ला आम्हाला लागूच होत नाही. काढून घ्यायचा तर माझ्याच हातातून.

आमची भांडणं वेगळी. ती अभ्यासाला म्हणून घेते आणि इन्स्टा बघते, तोवर माझ्या गिऱ्हाईकाचा फोन कट होतो. मी चिडायचे, ती रडायची. एक दिवस तीच म्हणाली, आई, तुझ्या मापाच्या वहीत माझं पण लिही. आता ब्लाउजच्या मापाखाली लिहिलेलं असतं : 'छाती ३४, कंबर ३०, बाही ९. पोरगी ६ ते ७ अभ्यास, ७ ते ७॥ तिचं तिचं.' त्या अर्ध्या तासात ती काय बघते मी विचारत नाही. तिचं तिचं म्हणजे तिचं तिचं.

रोज जमतं असं नाही. लग्नसराईत तर अजिबात नाही.

मुळाक्षर (बुधवार, रात्री १०:१०)

शिवणकाम, 'तिचं तिचं' हा शब्द मी पुढच्या पालकसभेत वापरणार, आधीच परवानगी मागून ठेवते.

तुमच्यासारख्या घरांबद्दल फारसं बोललंच जात नाही. ग्रामीण भागातल्या मुलांचा २०२४चा 'असर' अहवाल बघा. १४ ते १६ वयातली ८२ टक्के मुलं स्मार्टफोन वापरू शकतात. त्यांच्यापैकी आदल्या आठवड्यात अभ्यासासाठी वापरला असं ५७ टक्क्यांनी सांगितलं, सोशल मीडियासाठी ७६ टक्क्यांनी. फोन अभ्यासासाठी दिला आणि पोरगं 'भलतंच' करतं, हे चित्र सगळीकडचं आहे. तुमचं मूल बिघडलंय असा त्याचा अर्थ नाही.

जाईजुई, तुमच्याकडचा पहिला प्रश्न मला गणिताचा वाटत नाही, झोपेचा वाटतो. या वयात मुलांना आठ ते दहा तास झोप लागते. त्यात वयात येताना शरीरातलं घड्याळच उशिरा सरकतं, झोप आणणारं मेलाटोनिन रात्री उशिरा स्रवायला लागतं. म्हणजे तुमच्या मुलाला दहाला झोप येत नाही हे नाटक नाही. पण सकाळची शाळा तर सातलाच. (२०२४मध्ये सरकारने शाळा नऊनंतर भरवायचा आदेश काढला तो चौथीपर्यंतच. ज्यांना खरी गरज होती ती मोठी पोरं राहिली बाजूला.) पावणेदोनला झोपून सहाला उठणाऱ्या मुलाला बीजगणित समजेल कसं?

तेव्हा सगळं एकदम सुधारायला जाऊ नका. एकच धरा : रात्री फोन झोपायच्या खोलीत नाही. कुणाचाच नाही, आईबाबांचाही नाही. फोन हॉलमध्ये किंवा स्वयंपाकघरात चार्जिंगला. हे ठरवताना त्याला समोर बसवा आणि वेळ त्याला सांगू द्या. तो अकरा म्हणेल, तुम्ही दहा म्हणाल. साडेदहावर तुटलं तर ते त्याचंही असेल. नागपूरच्या मित्राची वेळ शनिवार-रविवारी दुपारी हलवता येते का, हेही त्यालाच मित्राशी बोलून ठरवू द्या.

करार मोडला तर काय, हेही आधीच ठरवा. नियम मोडल्यावर रागाच्या भरात जे सुचतं ती शिक्षा. आधी दोघांनी मिळून ठरवलेलं, छोटं आणि दुसऱ्या दिवशी संपणारं असेल तर मुलं ते खेळातल्या फाउलसारखं घेतात. रात्री फोन खोलीत नेला, तर दुसऱ्या दिवशी एक मॅच कमी. तिसऱ्या दिवशी पाटी कोरी. महिनाभर फोन बंद म्हटलं की पाचव्या दिवसापासून दोन्ही बाजूंना फक्त पळवाटा दिसतात. तुमच्या घरी तेच झालं.

राउटरवाला (गुरुवार, दुपारी १२:४५)

तांत्रिक बाजू मी लिहितो. यातलं काहीही मुलाच्या पाठीमागे करू नका. चोरून हेरगिरी करणारी ॲप तर नकोच. एकदा कळलं (कळतंच) की पुढे तो कुठला फोन वापरतो तेही तुम्हाला कळणार नाही.

अँड्रॉइडवर 'डिजिटल वेलबीइंग' असतं. त्यात बेडटाइम मोड लावला की ठरलेल्या वेळी स्क्रीन राखाडी होते. ऐकायला फालतू वाटतं, पण रंग गेले की रील्सचा निम्मा जीव जातो. स्वतःवर करून बघा.

यूट्यूबची वॉच हिस्टरी बंद करून जुनी पुसली तर होमपेज जवळजवळ रिकामं होतं, सुचवण्या येत नाहीत. २०२३पासून असं आहे. मग जे हवं ते शोधावं लागतं. शोधून बघणं आणि समोर येईल ते गिळत जाणं यात फरक आहे. आमच्या घरी या एका सेटिंगचा जेवढा उपयोग झाला तेवढा कशाचाच नाही.

इन्स्टावर खरं वय टाकलं असेल तर आता 'टीन अकाउंट' आपोआप लागतं, भारतात २०२५पासून. रात्री दहा ते सकाळी सात नोटिफिकेशन गप्प, दिवसाचा एक तास झाला की आठवण, अनोळखी लोकांचे मेसेज बंद. सोळाखालच्यांना यात ढिलाई करायची तर पालकांची परवानगी लागते. पण बहुतेक पोरांनी जन्मसाल २००० टाकलेलं असतं. ते दुरुस्त करून घ्यायला एक शांत रविवार लागतो आणि 'खोटं का टाकलंस' हा प्रश्न गिळावा लागतो.

वायफाय रात्री बंद करायचं तर सगळ्यांसाठी करा. बाबांचा लॅपटॉप चालू आणि पोराचा फोन बंद, असं राउटरमध्ये जमतं. घरात जमत नाही.

मेलबर्नची_माय (गुरुवार, दुपारी ३:१०)

इकडचं सांगते. १० डिसेंबर २०२५पासून ऑस्ट्रेलियात सोळाखालच्या मुलांना इन्स्टा, टिकटॉक, स्नॅपचॅट, यूट्यूब वगैरेंवर खातंच ठेवता येत नाही. भारतातले नातेवाईक विचारतात, पोलीस येतात का घरी? नाही. मुलांना दंड नाही, आईबापांनाही नाही. दंड कंपन्यांना, ४ कोटी ९५ लाख डॉलरपर्यंत. कायदा इतका कडक, पण पोराला त्यानेही हात लावलेला नाही, हे मला विशेष वाटलं.

माझी मुलगी चौदाची. पहिल्या आठवड्यात घरात शोकसभा. मग सगळ्या मैत्रिणी व्हॉट्सॲपवर गेल्या, ते या कायद्यात येत नाही. यूट्यूब खात्याशिवाय दिसतंच. त्यामुळे फोन सुटला वगैरे काही नाही. एक मात्र झालं. पूर्वी 'सगळ्यांच्या आया देतात, तूच देत नाहीस' हे रोज ऐकायचे, ते बंद झालं. कुणाचीच आई देत नाही म्हटल्यावर मी खलनायिका राहिले नाही. तुम्हाला कायद्याची वाट बघायची गरज नाही. मुलाच्या टीममधल्या बाकी तीन आयांना फोन करा. चौघींनी एकच वेळ धरली तर मॅचच त्या वेळेला होईल.

नाव_नको (शुक्रवार, रात्री १२:२०)

या विषयावर लिहावं की नाही, दोन दिवस विचार करत होते. हा आयडी यासाठीच काढलाय.

माझी मुलगी अकरावीत असताना इन्स्टावर एका 'मुलाशी' ओळख झाली. त्याने तिच्या साध्या फोटोंवरून घाणेरडे फोटो बनवले आणि पैसे मागायला लागला. तिने पाचशे दिले, मग हजार. माझ्या पाकिटातून. मी चोर समजून कामवाल्या मावशींवर संशय घेतला, त्याची लाज आजही वाटते.

तीन आठवडे पोरीने एकटीने सोसलं. जेवत नव्हती, झोपत नव्हती, आणि मी ओरडत होते, 'त्या फोनमुळे तुझं हे झालंय, एक दिवस फेकून देईन.' शेवटी तिच्या मैत्रिणीने मला सांगितलं. सगळं निस्तरल्यावर मी तिला विचारलं, मला का नाही सांगितलंस? ती म्हणाली, 'तू फोन काढून घेतला असतास.'

आम्ही सायबर पोलिसांकडे तक्रार केली. पैशांच्या फसवणुकीसाठी १९३० हा नंबर आहे, मुलांसाठी १०९८. पुरावे पुसू नका, स्क्रीनशॉट घ्या, पुढे पैसे देऊ नका. तिला आम्ही एक वाक्य दिलंय, तुम्हीही द्या : फोनवर काहीही झालं आणि तू येऊन सांगितलंस, तर फोन जाणार नाही. वाक्य सोपं आहे. पाळायला अवघड जातं, कारण पोरं ते तपासून बघतात.

मुळाक्षर (शुक्रवार, सकाळी ९:००)

नाव_नको, लिहिलंत ते फार बरं केलंत. त्यावर आणखी काही बोलत नाही.

फक्त एक जोडते, कारण काही घरांत एवढ्याने भागत नाही. खेळण्यावरचा ताबा सुटणं, शाळा, मित्र, जेवण सगळं मागे पडणं, नुकसान दिसत असूनही थांबता न येणं, हे साधारण वर्षभर चाललं असेल तर जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या यादीत त्याला 'गेमिंग डिसऑर्डर' असं नाव आहे. ते निदान डॉक्टरांनी करायचं, शेजाऱ्यांनी नाही. बंगळुरूच्या निम्हान्स या मानसिक आरोग्य संस्थेत यासाठी २०१४पासून वेगळं क्लिनिक आहे. घरबसल्या बोलायचं तर टेलिमानस ही सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइन, १४४१६, फुकट आहे आणि मराठीत बोलतात. मूल जिवाचं बरंवाईट करण्याबद्दल गमतीतही बोललं तर वाट बघू नका, त्याच दिवशी फोन करा. आणि त्या दिवशी त्याच्या हातातून फोन हिसकावू नका.

उगाच_एक (शुक्रवार, सकाळी ९:२५)

आज विनोद नाही. पाटावरवंटा काका, एक विचारू? ट्रान्झिस्टर विहिरीत गेल्यावर वडिलांशी कधी बोललात त्याबद्दल?

पाटावरवंटा (शुक्रवार, रात्री ८:५०)

वडील २००९मध्ये गेले. विषय कधी निघाला नाही.

क्रिकेटबद्दलही नाही. त्यांनाही आवडायचं, हे मला त्यांच्या मित्राकडून कळलं, तेराव्याला.

जाईजुई (पाच आठवड्यांनंतर, रविवार, सकाळी ११:१५)

मंडळी, धागा वर काढतेय. काय काय झालं ते सांगते, सगळं गोड नाही.

आधी फोन लॉकरमधून काढून त्याच्या हातात दिला. नवरा तयार नव्हता. त्याला नाव_नको यांचा प्रतिसाद वाचायला दिला. वाचून काही बोलला नाही, उठून बॅगेतून किल्ली काढली.

मग रविवारी पोहे खाताना बैठक. मुलाने अट घातली, आधी सगळ्यांनी आपापला स्क्रीन टाइम दाखवायचा. माझा तीन तास दहा मिनिटं. नवऱ्याचा पाच तास चाळीस, त्यात दीड तास शेअर बाजाराचे व्हिडिओ. सासूबाईंचा चार तास! त्या म्हणे कीर्तन ऐकतात. मुलाचा त्या आठवड्यात शून्य होता, फोन लॉकरमध्ये असल्यामुळे, आणि त्याने तो अतिशय सभ्यपणे वाचून दाखवला.

ठरलं ते असं. साडेदहाला चारही फोन स्वयंपाकघरात, मिक्सरच्या प्लगपाशी. शाळेच्या दिवशी दोन मॅच, मध्ये हाक मारायची नाही. नागपूरचा मित्र शनिवारी दुपारी. बाकी तीन आयांना फोन केले. दोघी हो म्हणाल्या, तिसरीने 'आमचा ऐकतच नाही हो' म्हणून अर्धा तास स्वतःचं गाऱ्हाणं सांगितलं. तिला या धाग्याची लिंक दिलीय.

दुसऱ्या आठवड्यात मोडलं. मुलाने नाही, आम्ही मोडलं. ऑफिसचा कॉल आला म्हणून नवऱ्याने अकराला फोन उचलला आणि खोलीत नेला. सकाळी मुलगा म्हणाला, 'बाबा, एक मॅच कमी.' नवऱ्याची मॅच कसली? शेवटी त्या दिवशी शेअर बाजार बंद. मी हसू दाबायला गॅलरीत गेले.

तिसऱ्या आठवड्यात त्याने मोडलं, आणि खोटं बोलला. चार्जिंगला फोनचं नुसतं कव्हर ठेवलं होतं, आत वहीचा पुठ्ठा. मी जाम चिडले, आवाज चढला, सगळे सल्ले विसरले. दुसऱ्या दिवशी मीच आधी बोलले. तो म्हणाला, त्या रात्री मित्राचे आईबाबा भांडत होते आणि मित्राला एकट्याला भीती वाटत होती. खरं असेल, नसेलही. एक मॅच कमी केली आणि तसं पुन्हा झालं तर मला उठव म्हणून सांगितलं. गेल्या मंगळवारी बाराला त्याने मला उठवलं. आम्ही दोघं ओट्यापाशी उभे राहून त्या पोराशी वीस मिनिटं बोललो. म्हणजे तो बोलला, मी दूध गरम केलं.

गणिताचा निकाल अजून नाही, चाचणी पुढच्या आठवड्यात. रील्स अजून बघतो, वॉच हिस्टरी बंद करायला तयार झालेला नाही. मी माझी बंद केली.

आता खरी अडचण. फोन बाहेर ठेवायचा तर 'गजराला लागतो' ही सगळ्यांचीच सबब होती, म्हणून दोनशे चाळीस रुपयांचं गजराचं घड्याळ आणलं. त्याची टिकटिक इतकी मोठी की मुलाला झोप येईना. परवा त्याने ते स्टीलच्या डब्यात घालून झाकण लावलं आणि झोपला. सहाला गजर झाला तेव्हा गिरणीचा भोंगा वाजल्यासारखी अख्खी बिल्डिंग उठली. कमी टिकटिक करणारं घड्याळ कुठे मिळतं का?

कडेगावची_एसटी (रविवार, दुपारी १२:०२)

डब्याची आयडिया मोहित्यांच्या वडगावला कळवतो, भोंग्याचा खर्च वाचेल.

राउटरवाला (रविवार, दुपारी १२:३०)

'स्वीप' मशीनचं घ्या, सेकंदकाटा टकटक न करता सरकत फिरतो तसलं. दुकानात कानाला लावून बघा.

पाटावरवंटा (रविवार, दुपारी १:१०)

नवीन घ्यायची गरज नाही. घड्याळाखाली जाड पंचा चार घड्या करून ठेवा. टिकटिक लाकडातून मोठी होते. आमच्याकडे चाळीस वर्षं असंच आहे.

पोराला विचारा, क्रिकेट बघतो का.